काढण्याआधी उघडून पाहा

आप्पांच्या टॅबवर गावच्या शिवाराची एक वही होती. रानांची जुनी नावं त्यांनी तिच्यात लिहून ठेवली होती. चिंचेची पट्टी, मळवी, डोहावरचं वावर, वडाचा माळ. कुठली पाणंद पूर्वी कुठून जायची, कुठल्या विहिरीवर किती मोटा चालायच्या, कुठला बांध कुणी घातला. जमिनींच्या एकत्रीकरणात गट पडले आणि सातबाऱ्यावर नुसते गट नंबर राहिले. ही नावं आता फक्त म्हाताऱ्या माणसांच्या तोंडी आहेत. आप्पा प्राथमिक शाळेत शिक्षक होते. डोळ्यांच्या त्रासामुळे त्यांना कागदावर फार वेळ लिहिता येत नाही. टॅबवर अक्षर हवं तेवढं मोठं करता येतं, माइकचं बटण दाबून मराठीत बोललं की टाइप होतं, म्हणून त्यांनी एका साध्या नोट्सच्या अ‍ॅपमध्ये ही वही चालवली होती.

पुढे टॅब हळू चालायला लागला आणि मध्येच पडदाभर जाहिराती यायला लागल्या. दिवाळीला आलेल्या एका नातलगाने आपुलकीने तो हातात घेतला आणि साफ करून दिला. प्ले स्टोअरमध्ये आपल्या अ‍ॅपची यादी ‘सर्वांत कमी वापरलेली’ या क्रमाने लावता येते. त्याने ती तशी लावली, वरच्या सगळ्यांवर खूण केली आणि एकदम काढून टाकली. मोतीबिंदूच्या ऑपरेशनमुळे आप्पांनी वही बरेच दिवस उघडली नव्हती, त्यामुळे ती त्या यादीत वरच होती. अ‍ॅप गेलं आणि वहीही गेली. जाहिराती मात्र तशाच राहिल्या. त्या दाखवणारं अ‍ॅप रात्रंदिवस चालू होतं, म्हणून ते यादीत अगदी तळाला होतं.

नको असलेली अ‍ॅप काढताना घराघरांत हेच होतं. जे शांत पडून आहे ते निरुपयोगी वाटतं, आणि जे धुमाकूळ घालतं ते बचावतं. त्या दिवाळीनंतर घरातले टॅब आणि फोन साफ करायचं काम मी माझ्याकडे घेतलं, मग शेजारच्यांचे, मग गावातल्या ओळखीच्यांचे. त्यातून जे हाती आलं ते इथे लिहिते आहे. हे मुख्यतः अँड्रॉइड टॅबबद्दल आहे, कारण आपल्याकडे घरात, विशेषतः ज्येष्ठांच्या आणि शाळकरी मुलांच्या हातात, तेच जास्त दिसतात.

वही परत मिळेल का, हे आधी सांगते, कारण असा प्रसंग आलेला माणूस पहिल्यांदा तेच विचारतो. एक वाट आहे. अँड्रॉइड ६ पासून अ‍ॅपमधल्या माहितीची प्रत गुगल खात्यावर आपोआप ठेवण्याची सोय आहे, दर अ‍ॅपला २५ एमबीपर्यंत. त्यासाठी टॅबवर बॅकअप चालू असावा लागतो आणि अ‍ॅप बनवणाऱ्यानेही त्याला परवानगी दिलेली असावी लागते. म्हणून अ‍ॅप चुकून गेलं तर दुसरं काही न करता त्याच गुगल खात्यावरून ते पुन्हा घेऊन पाहा. आप्पांच्या टॅबवर बॅकअप बंदच होता. अशा वेळी ‘गेलेला डेटा परत आणून देतो’ असं सांगणारी अ‍ॅप नजरेला पडतात. त्यांच्या नादी लागू नका. अ‍ॅपची माहिती त्याच्या खासगी कप्प्यात असते, नव्या टॅबवर ती कुलूपबंद म्हणजे एन्क्रिप्टेड असते, आणि अ‍ॅप काढलं की तो कप्पाच पुसला जातो. बाहेरच्या एखाद्या अ‍ॅपला तिथे हात घालता येत नाही. उलट ते तुमचे फोटो आणि फाइली बघण्याची परवानगी मागून बसतं, आणि घरात आणखी एक नकोसं अ‍ॅप येतं.

कुठली वस्तू अ‍ॅपबरोबर जाते आणि कुठली राहते, हे समजून घेतलं की निम्मी भीती जाते. फोटो, डाउनलोड, डॉक्युमेंट्स या सगळ्यांच्या सामायिक फोल्डरमध्ये ठेवलेलं सहसा राहतं. अ‍ॅपने स्वतःच्या कप्प्यात ठेवलेलं जातं. नोट्स, हिशेबाची अ‍ॅप, डायरी, चित्र काढायची अ‍ॅप, आणि काही रेकॉर्डर या दुसऱ्या प्रकारात येतात. व्हॉट्सअ‍ॅपचं संभाषण बॅकअप नसेल तर असंच जातं. बँकेच्या किंवा ईमेलच्या लॉगिनसाठी सहा आकडी कोड देणारं ऑथेंटिकेटर अ‍ॅप तर सर्वांत नाजूक. ते महिनोन्‌महिने उघडलं जात नाही आणि काढलं की ज्या खात्याला ते जोडलेलं आहे त्या खात्याचं दारच बंद होऊ शकतं.

सेटिंग्जमध्ये प्रत्येक अ‍ॅपपुढे त्याने किती जागा घेतली ते दिसतं, आणि बहुतेक जण त्या आकड्यावरून निर्णय घेतात. जागा रिकामी करायची असेल तर आकडा उपयोगी आहे. पण महत्त्वाचं काय, हे तो आकडा सांगत नाही. आप्पांची अख्खी वही काही केबींची होती. मजकूर जागा खातच नाही. एका मिनिटाच्या व्हिडिओएवढ्या जागेत कितीतरी पुस्तकं मावतात. म्हणून काढण्याआधी अ‍ॅप उघडायचं. आत काही लिहिलेलं, नोंदलेलं, रेकॉर्ड केलेलं आहे का ते डोळ्यांनी बघायचं, आणि टॅब ज्याचा आहे त्याला शेजारी बसवून विचारायचं. ‘हे काय आहे, यात तुमचं काही आहे का?’ एवढा एकच प्रश्न. घाईच्या भेटीत, परस्पर, माणूस झोपलेला असताना टॅब साफ करू नये, हे माझं ठाम मत आहे.

अ‍ॅपने घेतलेली जागा सेटिंग्जमध्ये दिसते त्याच पानावर ‘कॅशे’ आणि ‘डेटा’ अशी दोन बटणं असतात. कॅशे पुसली तर काही बिघडत नाही. अ‍ॅपने सोयीसाठी साठवलेल्या तात्पुरत्या गोष्टी जातात आणि लागतील तशा परत येतात. डेटा किंवा स्टोरेज पुसलं, तर अ‍ॅप नव्याने आणल्यासारखं कोरं होतं. अ‍ॅप तिथेच दिसत राहतं, म्हणून माणसाला वाटतं की काही गेलेलं नाही.

ज्याबद्दल खात्री नाही त्याच्यासाठी मधला मार्ग आहे. २०२३ पासून प्ले स्टोअरमध्ये अ‍ॅप ‘अर्काइव्ह’ होण्याची सोय आली. अ‍ॅपचा मोठा भाग निघून जातो, चिन्ह आणि आतली माहिती राहते, आणि चिन्हाला हात लावला की अ‍ॅप परत उतरवलं जातं. अँड्रॉइड १५ मध्ये ही सोय थेट सेटिंग्जमध्येच दिली आहे. आयपॅडवर याच धर्तीची ‘ऑफलोड’ नावाची सोय २०१७ पासून आहे. आप्पांच्या टॅबवर त्या दिवशी एवढंच केलं असतं तरी वही वाचली असती.

आता मुळात इतकी अ‍ॅप येतात कुठून? स्वस्त टॅब हातात येतो तेव्हाच भरलेला असतो. खेळ, खरेदी, बातम्या, व्हिडिओ, कंपनीचं स्वतःचं दुसरं अ‍ॅप स्टोअर, स्वतःचा ब्राउझर. अ‍ॅप आधीच घालून देण्याचे पैसे टॅब बनवणाऱ्याला मिळतात, आणि कमी किमतीत टॅब विकणं त्याला त्यामुळे परवडतं. शिवाय पहिल्यांदा टॅब चालू करताना ‘शिफारस केलेली अ‍ॅप’ असं एक पान पुष्कळदा येतं. त्यावर खुणा आधीच केलेल्या असतात. दुकानातच टॅब सुरू करून देतात तेव्हा त्या खुणा कुणी काढत नाही.

या भरलेल्या अ‍ॅपमध्ये काही सरळ अनइन्स्टॉल होतात. काहींच्या बाबतीत ते बटणच नसतं. त्याच्या जागी ‘डिसेबल’ असतं, आणि कधी तेही फिकट, दाबता न येणारं. याला कारण आहे. अँड्रॉइडची मूळ यंत्रणा साठवणुकीच्या एका वेगळ्या भागात असते आणि तो भाग वापरणाऱ्यासाठी फक्त वाचण्यापुरता खुला असतो. कारखान्यात त्या भागात घातलेलं अ‍ॅप नेहमीच्या मार्गाने निघत नाही, फॅक्टरी रिसेटनेही नाही. त्यामुळे अशा अ‍ॅपमुळे जागा कमी पडते ही समजूतही अर्धीच खरी आहे. त्या भागातली जागा तशीही आपल्याला मिळणार नसते. आपली जागा खातात ती त्या अ‍ॅपची नंतर आलेली अपडेट्स आणि त्याने जमवलेला डेटा. म्हणून आधी ‘अनइन्स्टॉल अपडेट्स’, मग ‘डिसेबल’. डिसेबलची सोय अँड्रॉइड ४ पासून आहे. डिसेबल केलेलं अ‍ॅप चालत नाही, अपडेट होत नाही, सूचना पाठवत नाही, आणि त्याचं चिन्हही दिसेनासं होतं. रोजच्या वापरासाठी ते गेल्यातच जमा आहे, आणि चुकलं तर एका बटणावर परत येतं.

ग्राहकाला हवं ते अ‍ॅप काढता यावं, हा प्रश्न आपल्याकडे स्पर्धा आयोगापर्यंत गेला होता. ऑक्टोबर २०२२ मध्ये आयोगाने गुगलला १,३३७.७६ कोटी रुपयांचा दंड केला आणि आधीपासून भरलेली गुगलची अ‍ॅप काढण्यावर बंधन घालू नये असा आदेशही दिला. मार्च २०२३ मध्ये अपील लवादाने दंड कायम ठेवला, पण अ‍ॅप काढण्याबद्दलचा तो आदेश रद्द केला. युरोपीय संघात मात्र मोठ्या कंपन्यांना अ‍ॅप सहज काढू देण्याचं बंधन २०२४ पासून लागू आहे. आपल्याकडेही ते यायला हवं असं मला मनापासून वाटतं. पैसे मोजून घेतलेल्या वस्तूवर काय राहावं आणि काय नाही, हे घेणाऱ्याने ठरवायचं.

काही वेळा काढलं असं वाटलेलं अ‍ॅपही टॅबवर राहिलेलं असतं. होम स्क्रीनवरून चिन्ह ओढून वर टाकलं की ‘रिमूव्ह’ आणि ‘अनइन्स्टॉल’ असे दोन पर्याय येतात. पहिल्याने फक्त चिन्ह जातं, अ‍ॅप आत तसंच राहतं. ज्येष्ठ मंडळी बहुधा पहिलंच करतात आणि ‘मी तर केव्हाच काढलं’ असं सांगतात. म्हणून खरी यादी बघायची ती सेटिंग्जमध्ये, अ‍ॅप्सखाली, ‘सगळी अ‍ॅप’ उघडून.

सेटिंग्जमध्येच मला आप्पांच्या टॅबवरचा खरा उपद्रवी सापडला. शोधायची रीत साधी आहे. पडदाभर जाहिरात आली की ती लगेच बंद न करता अलीकडच्या अ‍ॅपचं बटण दाबायचं. जाहिरात ज्याची आहे त्या अ‍ॅपचं चिन्ह वर दिसतं, त्याला स्पर्श केला की ‘अ‍ॅप इन्फो’ उघडता येतं. काही लबाड अ‍ॅप तिथेही दिसत नाहीत. मग सेटिंग्जमध्ये ‘इतर अ‍ॅपवर दिसण्याची’ परवानगी कुणाकुणाला दिली आहे ती यादी काढायची. बॅटरी वाचवणारं, टॉर्च, वॉलपेपर, कोड स्कॅन करणारं, असलं काही तिथे दिसलं तर संशय बळकट धरायचा. टॉर्चला दुसऱ्या अ‍ॅपच्या डोक्यावर बसायचं काय कारण? आमच्याकडे निघालं ते ‘टॅब वेगवान करणारं’ एक क्लीनर अ‍ॅप. टॅब हळू झाला म्हणून कुणीतरी आणून दिलेलं, आणि त्याच्यामुळेच टॅब आणखी हळू झालेला. अशा क्लीनरची गरज नसते. मेमरी सांभाळण्याचं काम अँड्रॉइड स्वतः करतं.

ते काढायला गेले तर अनइन्स्टॉलचं बटण फिकट. त्याने ‘डिव्हाइस अ‍ॅडमिन’ हा अधिकार घेऊन ठेवला होता. कार्यालयाने दिलेले फोन लांबून सांभाळता यावेत म्हणून अँड्रॉइडमध्ये ही सोय २०१० पासून आहे, आणि ज्या अ‍ॅपला हा अधिकार आहे ते काढता येत नाही. सेटिंग्जमध्ये सिक्युरिटीखाली अ‍ॅडमिन अ‍ॅपची यादी असते. तिथे जाऊन आधी अधिकार काढायचा, मग अ‍ॅप निघतं. अधिकार काढायला गेल्यावर जाहिरातच आडवी येत असेल, तर टॅब सेफ मोडमध्ये चालू करायचा. पुष्कळ टॅबवर बंद करण्याचं बटण दाबून धरलं, आणि पडद्यावर आलेला ‘पॉवर ऑफ’ही दाबून धरला की सेफ मोडबद्दल विचारणा होते. त्यात फक्त मूळ अ‍ॅप चालतात, नंतर आणलेली सगळी गप्प असतात. सेफ मोडमध्ये जाहिराती थांबल्या, तर दोष नंतर आणलेल्यांपैकीच कुणाचा तरी आहे हेही कळतं. काम झालं की टॅब पुन्हा सुरू करायचा, तो नेहमीसारखा चालू होतो.

आणखी एक यादी याच फेरीत बघा, ‘अ‍ॅक्सेसिबिलिटी’ची. अंध आणि कमी दिसणाऱ्या लोकांना पडद्यावरचं वाचून दाखवणारी अ‍ॅप चालावीत म्हणून ही परवानगी आहे. ज्याला ती मिळते ते पडद्यावरचा मजकूर वाचू शकतं आणि आपल्या वतीने बटणंही दाबू शकतं. पैसे लुटणाऱ्या अ‍ॅपना म्हणूनच तिची हाव असते. अनोळखी नाव दिसलं तर परवानगी बंद करून ते अ‍ॅप काढा. त्या टॅबवर बँकेचं किंवा यूपीआयचं अ‍ॅप असेल, तर पासवर्ड आणि पिन दुसऱ्या, स्वच्छ फोनवरून बदला. पैसे गेले असतील तर १९३० या क्रमांकावर तासाभराचाही वेळ न घालवता फोन करा. टॅब कसा साफ करायचा, हा प्रश्न त्यानंतरचा.

असली अ‍ॅप प्ले स्टोअरमधून येतात त्याहून जास्त धोक्याची वाट म्हणजे व्हॉट्सअ‍ॅपवर आलेली फाइल. लग्नाची पत्रिका, वाहनाचं चलन, सरकारी योजनेची यादी, बँकेची केवायसी, अशा नावाने फाइल येते आणि तिचं शेपूट ‘एपीके’ असतं. पत्रिका चित्र किंवा पीडीएफ असते. एपीके म्हणजे अ‍ॅपच. अँड्रॉइड ८ पासून बाहेरून अ‍ॅप बसवायची परवानगी प्रत्येक अ‍ॅपला वेगवेगळी द्यावी लागते. ‘इन्स्टॉल अननोन अ‍ॅप्स’ ही यादी उघडून व्हॉट्सअ‍ॅप, ब्राउझर, फाइल्स, सगळ्यांसमोरची परवानगी बंद करून ठेवा. आईवडिलांच्या टॅबवर करायचं एकच काम निवडा म्हटलं, तर मी हे निवडेन.

पैशाचं एक वेगळं आहे. आमच्या ओळखीच्या एका ताईंनी मुलासाठी इंग्रजी शिकवणारं अ‍ॅप घेतलं, पहिले काही दिवस फुकट म्हणून. मुलाला आवडलं नाही, अ‍ॅप काढलं, विषय संपला असं त्यांना वाटलं. खात्यातून रक्कम दर महिन्याला जात राहिली. अ‍ॅप काढल्याने वर्गणी थांबत नाही. आधी प्ले स्टोअरमध्ये आपल्या फोटोवर स्पर्श करून ‘पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्स’मध्ये जायचं आणि वर्गणी रद्द करायची. कंपनीच्या संकेतस्थळावरून थेट पैसे भरले असतील तर ती वर्गणी तिथे दिसणार नाही. मग यूपीआयच्या अ‍ॅपमध्ये ‘ऑटोपे’ उघडायचं. २०२० पासून यूपीआयवर दर महिन्याचे पैसे आपोआप वळते करायची सोय आहे, आणि दिलेली मंजुरी तिथूनच रद्द करता येते. कार्डावर मंजुरी असेल तर बँकेच्या अ‍ॅपमध्ये किंवा शाखेत. रिझर्व्ह बँकेच्या नियमाप्रमाणे असे पैसे कापण्याआधी किमान २४ तास ग्राहकाला सूचना जायला हवी. ती सूचना बहुधा एसएमएसने किंवा ईमेलने येते, आणि जाहिरातींच्या गर्दीत बुडते. ताईंना ती येत होती. ज्या नंबरवर येत होती तो फोन घरात सासूबाईंकडे होता.

खातं हाही असाच मागे राहणारा भाग. अ‍ॅप काढलं तरी त्यात दिलेलं नाव, फोन नंबर, मुलाचं वय, शाळा, हे सगळं त्या कंपनीकडे राहतं. अ‍ॅपमध्ये खातं उघडता येत असेल तर ते मिटवण्याची वाटही दिली पाहिजे, असा प्ले स्टोअरचा नियम आहे. म्हणून आधी अ‍ॅपच्या आतून खातं मिटवायचं, मग अ‍ॅप काढायचं. उलट क्रमाने केलं तर खातं मिटवायची वाट कंपनीच्या संकेतस्थळावर शोधत बसावं लागतं. कर्ज देणाऱ्या अ‍ॅपच्या बाबतीत मात्र सावध राहा. अ‍ॅप काढल्याने कर्ज मिटत नाही. हप्ते फेडल्याची पावती, कर्ज बंद झाल्याचं पत्र, कराराची प्रत, हे बाहेर सुरक्षित ठेवल्याशिवाय त्याला हात लावू नका.

आता काय काढू नये ते. अँड्रॉइडमध्ये ‘वेबव्ह्यू’ नावाचा एक भाग आहे. त्याचं चिन्ह कुठे दिसत नाही, तो कधी उघडला जात नाही, आणि नावावरून काही बोध होत नाही. पण दुसऱ्या कितीतरी अ‍ॅपना आपल्या आत वेबपान दाखवायला तोच लागतो. मार्च २०२१ मध्ये त्याचं एक अपडेट बिघडलं आणि जगभर लोकांची ईमेलची, बँकांची अ‍ॅप उघडता उघडता बंद पडायला लागली. तेव्हा उपाय होता ते अपडेट काढणं, आणि पुढे दुरुस्त अपडेट आलं. नाव ओळखीचं नाही म्हणून एखादी गोष्ट उडवू नये, याचं यापेक्षा बोलकं उदाहरण मला माहीत नाही. ‘गुगल प्ले सर्व्हिसेस’ या भागाचंही तसंच. कीबोर्डचं तर फारच जपायचं. एकुलता एक कीबोर्ड बंद केला तर पासवर्ड टाइप करायचीच पंचाईत. दुसरा चालू करून, त्यात मराठी घालून, चार ओळी लिहून पाहिल्यावरच पहिला काढायचा. बोलून टाइप करण्यासाठी आणि मजकूर मोठ्याने वाचून दाखवण्यासाठी कीबोर्डबाहेरच्या दुसऱ्याच अ‍ॅपची मदत लागते. त्यांच्या नावात बहुधा ‘स्पीच’ असतं. टॅब वापरणाऱ्या कुणाला कमी दिसत असेल तर हा शब्द नावात असलेली अ‍ॅप अजिबात हलवू नका. ज्याच्याबद्दल शंका आहे ते आधी डिसेबल करा, आठवडाभर टॅब नेहमीसारखा वापरा, मग पुढचं ठरवा. एका बैठकीत दहा अ‍ॅप बंद केली आणि काही अडलं, तर कुणामुळे अडलं ते कळत नाही.

डिसेबलही न होणारी अ‍ॅप काढण्यासाठी संगणकाला टॅब जोडून आज्ञा देण्याची एक पद्धत आहे. ‘बिल्ड नंबर’वर सात वेळा टिचकी मारून डेव्हलपर ऑप्शन्स उघडायचे, यूएसबी डिबगिंग चालू करायचं आणि एडीबी नावाच्या साधनाने अ‍ॅप सध्याच्या वापरकर्त्यापुरतं काढायचं. पद्धत खरी आहे, चालते. मूळ प्रत यंत्रणेच्या भागात राहते, त्यामुळे फॅक्टरी रिसेट केलं की ते अ‍ॅप परत दिसतं. पण घरच्या टॅबला ती सहसा लागत नाही. व्हिडिओत दाखवलेली पन्नास अ‍ॅपची यादी जशीच्या तशी आपल्या टॅबवर चालवणाऱ्यांचे टॅब सुरूच न होण्यापर्यंत बिघडू शकतात, कारण एका कंपनीच्या टॅबवर जे फालतू असतं त्यावर दुसऱ्या कंपनीच्या टॅबचा डोलारा उभा असू शकतो. करायचंच असेल तर एकेक नाव समजून करा आणि काम झाल्यावर डिबगिंग आठवणीने बंद करा.

शाळेने किंवा महाज्योतीसारख्या संस्थेने अभ्यासासाठी दिलेला टॅब असेल, तर काही काढण्याआधी त्याच्या अटी वाचा आणि देणाऱ्यांना विचारा. अशा टॅबवर देखरेखीचं अ‍ॅप बसवलेलं असू शकतं. ते काढायच्या खटपटीत मुलाचा अभ्यासक्रमच बंद पडायला नको.

फॅक्टरी रिसेट हा सगळ्यांच्या तोंडी असलेला सल्ला, आणि दुकानात तर पहिला. कुठल्याच उपायाने न हटणारं घातक अ‍ॅप असेल, किंवा टॅब दुसऱ्याला द्यायचा असेल, तरच ते करा, आणि तेही फोटो, नोट्स, संपर्क, सगळं बाहेर काढून, बाहेर काढलेलं दुसऱ्या यंत्रावर उघडून पाहून. अँड्रॉइड ५.१ पासून चोरीपासून संरक्षण म्हणून एक कुलूप आलं आहे. खातं न काढता बटणांच्या जोडीने रिसेट केलं, तर टॅब चालू होताना आधीच्या गुगल खात्याचा पासवर्ड मागतो आणि तो दिल्याशिवाय पुढे जात नाही. म्हणून आधी सेटिंग्जमधून खातं काढायचं, मग तिथूनच रिसेट करायचं.

इथेच पुष्कळ घरं अडतात. टॅब घेताना दुकानातल्या मुलाने पटकन एक जीमेल खातं उघडून दिलेलं असतं, आणि त्याचा पासवर्ड घरात कुणालाच माहीत नसतो. टॅब उघडा आहे, खातं त्यावर चालू आहे, तोवर हे सुधारता येतं. खात्याच्या ‘सिक्युरिटी’ या भागात जाऊन आधी परत मिळवण्यासाठीचा फोन नंबर कुणाचा आहे ते पाहा. तो दुकानाचा किंवा बंद पडलेल्या सिमचा असला तर काढून घरातल्या माणसाचा नंबर घाला. मग नवा पासवर्ड ठेवा. जुना विचारला आणि तो आठवत नसला, तर ‘फरगॉट पासवर्ड’ निवडा. टॅबच्या पिनवरून किंवा नव्या नंबरवर आलेल्या कोडवरून ओळख पटवून घेतली जाते. नंबर नुकताच बदलला असेल तर काही दिवस थांबावंही लागतं. म्हणून हे काम टॅब ठीक चालतो आहे तेव्हाच उरका, आणि नवा पासवर्ड घरातल्या कागदपत्रांच्या फाइलमध्ये, टॅबच्या बिलाच्या मागे लिहून ठेवा.